नातेवाईकाची साक्ष आणि अपिलातला न्याय

दलित हत्याकांडाचा खटला अपिलात गेला की आरोपीचे वकील एक युक्तिवाद हमखास करतात. प्रत्यक्षदर्शी साक्षीदार मृताचे नातेवाईक आहेत, म्हणून ते हितसंबंधी आहेत, म्हणून त्यांच्यावर विश्वास ठेवू नये. हा युक्तिवाद सर्वोच्च न्यायालयाने 1953 मध्येच नाकारला आहे. कार्यकर्त्यांना हा इतिहास माहीत हवा.

1953 चा खटला होता पंजाबमधला, दलीप सिंग विरुद्ध पंजाब राज्य. प्रत्यक्षदर्शी साक्षीदार दोन स्त्रिया होत्या आणि दोघी मृताच्या घरातल्या. त्यांच्या साक्षीला इतर पुराव्याची जोड हवी, असे उच्च न्यायालय म्हणाले. निकाल लिहिणारे न्या. व्हिव्हियन बोस पूर्वी नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायमूर्ती होते. त्यांनी स्पष्ट केले की साक्षीदार स्त्रिया आहेत म्हणून किंवा जवळच्या नात्यातल्या आहेत म्हणून जोडपुरावा हवा, असा नियम नाही. उलट जवळचा नातेवाईक खऱ्या खुन्याला सोडून निरपराध माणसाला सहसा गोवणार नाही.

1964 च्या मसाल्टी खटल्यात न्या. गजेंद्रगडकरांनी हेच पुढे नेले. गटातटांत विभागलेल्या गावात साक्षीदार बहुधा एका बाजूचेच मिळणार. केवळ त्या कारणावरून साक्ष यांत्रिकपणे फेटाळली तर न्यायच होणार नाही. पुढे 1981 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ‘नातेवाईक’ आणि ‘हितसंबंधी’ हे दोन शब्द समानार्थी नाहीत, असेही सांगितले.

कायदा इतका स्पष्ट आहे. मग प्रत्यक्षात काय घडले?

बिहारमध्ये बथानी टोला येथे 11 जुलै 1996 रोजी रणवीर सेनेने 21 जणांना मारले. मृतांत बहुतेक स्त्रिया आणि मुले होती. 2010 मध्ये सत्र न्यायालयाने 23 जणांना दोषी ठरवले, 2012 मध्ये पाटणा उच्च न्यायालयाने सर्वांना सोडले. लक्ष्मणपूर बाथे येथे 1 डिसेंबर 1997 च्या रात्री 58 जण मारले गेले. तिथेही 2010 मध्ये 26 जण दोषी ठरले आणि 2013 मध्ये सगळे सुटले. दोन्ही ठिकाणी ज्यांनी लपून स्वतःच्या माणसांना मरताना पाहिले, त्यांचा शब्द उच्च न्यायालयाला विश्वासार्ह वाटला नाही.

इथे एक फरक लक्षात घ्या. सत्र न्यायाधीशासमोर साक्षीदार उभा असतो. त्याची उलटतपासणी न्यायाधीश डोळ्यांनी पाहतो. अपिलात मात्र फक्त कागद असतो. पोलिसांनी जबाब उशिरा घेतला, नावे अर्धवट लिहिली, तर त्या कागदावरचा दोष साक्षीदाराच्या अंगाला चिकटतो. चूक तपास यंत्रणेची आणि खोटा ठरतो पीडित!

आणि नातेवाईक नको तर साक्ष कोण देणार? आपली वस्ती गावाबाहेर. हल्ला होतो तो वस्तीवर किंवा घरात. पाहणारे एक तर घरचे, नाही तर मारणाऱ्यांच्या जातीचे. ‘स्वतंत्र’ साक्षीदारांचे काय होते ते खर्ड्याने दाखवले. नितीन आगेचा खून 2014 चा. साक्षीदार एकामागून एक फितूर झाले आणि 2017 मध्ये आरोपी निर्दोष सुटले.

साक्ष देण्याची किंमत तर खैरलांजीने दाखवली. नात्यातल्या एका माणसाला झालेल्या मारहाणीत सुरेखाताई भोतमांगे यांनी पोलिसांना हल्लेखोरांची नावे सांगितली होती. त्या आरोपींना जामीन मिळाला आणि 29 सप्टेंबर 2006 रोजी सुरेखाताई, प्रियंका, रोशन आणि सुधीर यांची हत्या झाली. पुढे जन्मभर न्यायासाठी उभे राहिले ते एकटे भैय्यालाल. सत्र न्यायालयाने सहा जणांना दिलेली फाशी 2010 मध्ये उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने 25 वर्षांच्या कारावासात बदलली. हत्या जातीमुळे झाली, हे दोन्ही न्यायालयांनी मानले नाही.

याचा अर्थ नातेवाईक म्हणेल ते डोळे झाकून मान्य करावे, असा नाही. न्या. बोस यांनीच बजावले होते की वैर असेल तिथे खऱ्या गुन्हेगाराबरोबर एखादे निरपराध नावही ओढले जाऊ शकते. त्यामुळे साक्ष काळजीपूर्वक तपासलीच पाहिजे. ही काळजी आपल्याही उपयोगाची आहे, कारण खोट्या केसमध्ये आरोपीच्या पिंजऱ्यात आपलीच पोरेही उभी राहतात. मागणी एवढीच आहे की साक्ष तिच्या मजकुरावर तपासा, साक्षीदाराच्या नात्यावर आणि जातीवर नको.

म्हणून मोर्चाइतकेच महत्त्व पहिल्या चोवीस तासांना द्या. ज्याने जे पाहिले तेवढेच, पण सगळे, फिर्यादीत आले पाहिजे. रागाच्या भरात न पाहिलेले एकही नाव घालू नका. त्या एका नावामुळे खरी दहा नावे सुटतात. साक्षीदाराचा जबाब दंडाधिकाऱ्यासमोर नोंदवून घेण्याचा आग्रह धरा. 2015 च्या दुरुस्तीने ॲट्रॉसिटी ॲक्टमध्ये आलेल्या कलम 15-अ नुसार साक्षीदाराला संरक्षण देणे ही राज्याची जबाबदारी आहे आणि जामिनाच्या वेळी पीडिताला आपले म्हणणे मांडता येते. सत्र न्यायालयाने आरोपी सोडले तर पीडिताला किंवा त्याच्या वारसाला स्वतः अपील करता येते. हा हक्क 2009 च्या अखेरीस लागू झाला. सरकार अपील करील म्हणून वाट पाहत बसू नका.

हत्येनंतर आठवडाभर गर्दी असते. अपील चालते तेव्हा दहा-पंधरा वर्षे उलटलेली असतात आणि साक्षीदार एकटा असतो. चळवळीने त्या दिवशीही त्याच्या शेजारी असले पाहिजे.

जय भीम!