वाड्यातला एकान्त आणि माडीवरचा धडा (थ्रेड)

१/७
खासगीपणा म्हटला की आज आपल्याला बंद दार आठवते. एकोणिसाव्या शतकातील पुण्याच्या वाड्यांत दारे पुष्कळ होती. आतून कडी लावून बसण्याची मुभा मात्र फार थोड्यांना होती. तरुण जोडप्याला एकान्त मिळे तो घरातली निजानीज झाल्यावर, रात्रीच्या काही घटकांपुरता.

२/७
वाड्याची रचनाच तशी होती. देवडी, चौक, ओसरी हा पुरुषांचा वावर. माजघर, देवघर, स्वयंपाकघर हा बायकांचा. वडीलधाऱ्यांदेखत नवरा-बायकोने बोलणे असभ्य मानले जाई. पत्नीने पतीचे नाव उच्चारायचे नाही. घ्यायचेच तर चारचौघांत, उखाण्यात गुंफून.

३/७
डिसेंबर १८७३ मध्ये अकरा वर्षांच्या रमाबाईंचा विवाह महादेव गोविंद रानडे यांच्याशी झाला. रानडे ३१ वर्षांचे, विधुर. विधवाविवाहाच्या या पुरस्कर्त्याने वडिलांच्या आग्रहापुढे मान तुकवली होती. त्या मुलीचे मत कोणी विचारले नव्हते.

४/७
वधूपिता गावी परतल्यावर रानड्यांनी तिला माडीवर बोलावले. माझे नाव ठाऊक आहे का, असे विचारून तिच्याकडून ते वदवून घेतले. मग अक्षरओळख सुरू झाली. खाली जे नाव ओठांवर आणायचे नाही, ते माडीवर पहिल्याच संवादात उच्चारले गेले.

५/७
घरातील बायकांना हे शिक्षण रुचले नाही. टोमणे सुरू झाले. त्यांना केवळ दुष्ट ठरवणे सोपे आहे. पण ज्या घरात कोणत्याच स्त्रीला स्वतःचा कोपरा नव्हता, तेथे एका सुनेला स्वतःची पाटी मिळाली होती. ती त्यांच्या डोळ्यांत खुपणारच.

६/७
रमाबाईंची कोंडी यातच होती. माडीवर पतीची इच्छा, माजघरात बायकांची नाराजी. आणि दिवसाचा बहुतेक वेळ माजघरातच काढायचा. माडीवरचा तो एकान्तही पतीने देऊ केलेला, तिने मागून घेतलेला नव्हे. त्याचे चीज मात्र तिने स्वतः केले. मराठीपाठोपाठ ती इंग्रजीही शिकली.

७/७
१९०१ मध्ये रानडे गेले. १९०९ मध्ये पुण्यात सेवासदन उभे राहिले. तेथे स्त्रियांना शिकण्यासाठी रात्र होण्याची वाट पाहावी लागत नव्हती. १९१० मध्ये रमाबाईंचे ‘आमच्या आयुष्यातील कांहीं आठवणी’ प्रसिद्ध झाले. माडीवरचा तो संवाद आज आपल्याला ठाऊक आहे, तो त्यांनी स्वतः लिहून ठेवला म्हणून. घरातले काय झाकायचे आणि काय सांगायचे, हे अखेर त्यांनीच ठरवले.