पाचगणीचा विद्यार्थी : फ्रेडी मर्क्युरी

‘रॉक’ या नावाने ओळखले जाणारे पाश्चात्त्य संगीत आपल्याकडील बहुसंख्य रसिकांना आजही परके वाटते. तरीही या संगीताचे भारतात एखादे घर असलेच, तर ते बंगळूर होय, असे त्याचे चाहते अभिमानाने सांगतात. आणि ते अगदीच निराधार नाही. त्या शहरातील पॅलेस ग्राउंड्सच्या विस्तीर्ण मैदानावर २००३ साली ‘रोलिंग स्टोन्स’, २००७ साली ‘आयर्न मेडन’ आणि २०११ साली ‘मेटॅलिका’ असे जगद्विख्यात वृंद गाऊन गेले, आणि त्यांना ऐकावयास देशाच्या कानाकोपऱ्यांतून तरुण मंडळी लोटली. ‘क्वीन’ या तितक्याच नामांकित वृंदाला मात्र आपल्या मूळ गायकासह भारताच्या भूमीवर एकदाही गाण्याचा योग आला नाही. नवल वाटावे ते असे, की या साऱ्या वृंदांच्या नायकांमध्ये भारताशी रक्ताचे आणि शिक्षणाचे नाते असलेला कलावंत तोच होता. जग त्याला फ्रेडी मर्क्युरी म्हणून ओळखते. आपल्या सातारा जिल्ह्यातील पाचगणीच्या एका शाळेच्या पटावर त्याचे नाव होते फरूख बलसारा.

बलसारा हे आडनावच त्याच्या कुळाचा पत्ता सांगते. दक्षिण गुजरातेतील बलसाड, म्हणजे आजचे वलसाड, हे त्या पारशी घराण्याचे मूळ गाव. पश्चिम किनाऱ्यावरील अनेक पारशी, खोजे, भाटिये यांच्याप्रमाणे हे घराणेही पोटापाण्यासाठी समुद्र ओलांडून गेले. फरूखचे वडील बोमी हे झांजिबार येथील ब्रिटिश अमदानीतील न्यायालयात रोखपालाचे काम करीत. याच बेटावर ५ सप्टेंबर १९४६ रोजी फरूखचा जन्म झाला. धर्म जरथुष्ट्राचा, घरची भाषा गुजराती, राज्य इंग्रजांचे आणि भोवतालचा समाज आफ्रिकी व अरबी, अशा चार प्रवाहांच्या संगमावर त्याचे शैशव गेले.

मुलास उत्तम इंग्रजी शिक्षण मिळावे, या हेतूने आईवडिलांनी त्याला वयाच्या आठव्या वर्षी पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत धाडले. वाईहून पसरणीचा घाट चढून गेल्यावर लागणारे हे थंड हवेचे गाव इंग्रजांनी वसविले. तेथील शाळाही विलायतेतील निवासी शाळांच्या धर्तीवर चालत : प्रार्थना, शिस्त, मैदानी खेळ आणि घंटेच्या ठोक्यावर बांधलेला दिवस. आठ वर्षांच्या मुलाने घर सोडून समुद्रापलीकडे राहावयाचे, आणि सुट्टी लागली तरी पुष्कळदा घरी न जाता मुंबईच्या नातलगांकडे मुक्काम करावयाचा, हे किती कठीण असेल, याची कल्पना कोणत्याही आईबापास करता येईल. पुढे लक्षावधी लोकांसमोर निःशंकपणे उभ्या राहणाऱ्या या गायकाचा स्वभाव खाजगीत फार लाजाळू व अबोल होता, असे त्याचे सोबती सांगत. त्या संकोचाचे मूळ या वर्षांत असेल वा नसेल. परंतु त्याच्या कलेचे मूळ निश्चितपणे येथेच आहे.

मुलाच्या ठायी संगीताची असामान्य जाण आहे, हे मुख्याध्यापकांच्या ध्यानी आले आणि त्यांनी पालकांना तसे कळविले. अधिक फी भरून त्याचे पियानोचे रीतसर शिक्षण सुरू झाले आणि चौथ्या श्रेणीपर्यंतची परीक्षा तो उत्तीर्ण झाला. टेबल-टेनिस, मुष्टियुद्ध, चित्रकला, नाटके यांतही तो पुढे असे. ‘फ्रेडी’ हे सुटसुटीत नाव त्याला मिळाले ते सवंगड्यांकडूनच. बाराव्या वर्षाच्या सुमारास त्याने मित्रांसह ‘हेक्टिक्स’ नावाचा एक छोटा वृंद काढला. क्लिफ रिचर्ड आणि लिटल रिचर्ड यांची गाणी ही मुले शाळेच्या समारंभांतून गात. नभोवाणीवर एकदा ऐकलेली चाल तो लागलीच पियानोवर उतरवीत असे, ही आठवण त्याच्या शाळासोबत्यांनी नोंदविलेली आहे. सह्याद्रीच्या माथ्यावरील त्या शाळेत अमेरिकेतील नव्या संगीताची चाहूल पोहोचली ती अशी, नभोवाणीच्या वाटेने.

१९६३ च्या सुमारास तो झांजिबारला परतला. परंतु तेथेही त्याला स्थैर्य लाभले नाही. जानेवारी १९६४ मध्ये त्या बेटावर राज्यक्रांती झाली. अरब आणि भारतीय वंशाचे हजारो लोक मारले गेले वा परागंदा झाले. बलसारा कुटुंब हाती लागले ते सामान घेऊन इंग्लंडला निघून गेले आणि लंडननजीक फेल्टम येथे राहू लागले. निर्वासिताच्या त्या जिण्यात मुलाने ईलिंगच्या कलाशाळेत आलेख्यकलेचे शिक्षण घेतले, हीथ्रो विमानतळावर सामानाची चढउतार केली आणि केन्सिंग्टनच्या बाजारात जुने कपडे विकले. १९७० साली गिटारवादक ब्रायन मे आणि तालवादक रॉजर टेलर यांच्याशी त्याने सूत जमविले. पुढल्या वर्षी जॉन डीकन येऊन मिळाला आणि ‘क्वीन’ हा वृंद पुरा झाला. नावाची निवड फ्रेडीची आणि बोधचिन्हही त्याच्याच कुंचल्यातले. त्या चिन्हाच्या शिरोभागी त्याने फिनिक्स पक्षी रेखाटला. ‘मर्क्युरी’ हे आडनावही त्याने याच सुमारास धारण केले.

१९७५ साली आलेले ‘बोहेमियन ऱ्हॅप्सोडी’ हे गीत त्याच्या प्रतिभेचे स्वरूप समजून घेण्यास उपयोगी पडेल. तत्कालीन लोकप्रिय गाणे तीन मिनिटांचे असावयाचे आणि त्यात ध्रुवपद पुनःपुन्हा यावयाचे, असा व्यवसायाचा दंडक होता. फ्रेडीने रचलेले हे गीत सुमारे सहा मिनिटांचे. त्यात ध्रुवपद नाही. आरंभी शांत आळवणी, मध्ये इटालियन संगीतिकेच्या ढंगाचा कल्लोळ, त्यानंतर रॉकचा झंझावात आणि शेवटी पुन्हा शांतता, अशी त्याची घडण आहे. वृंदातील तिघांच्या आवाजांवर आवाज चढवून ध्वनिफितीवर एका मोठ्या गायकसमूहाचा आभास निर्माण केला होता. एवढे लांब गाणे नभोवाणीवर कोण वाजविणार, अशी शंका व्यवसायातील जाणत्यांनी काढली होती. ब्रिटनमध्ये ते सलग नऊ आठवडे अग्रस्थानी राहिले. त्याच्या कंठाविषयीही असेच म्हणता येईल. बोलताना त्याचा स्वर मध्यम पट्टीतला, परंतु गाताना तो तारसप्तकात सहज विहरे. जन्मतःच अधिक असलेल्या दातांमुळे त्याचा जबडा पुढे आलेला होता. पण दात काढल्यास आवाज बदलेल, या भीतीने त्याने तो दोष जन्मभर तसाच राहू दिला. रूपापेक्षा स्वर मोठा मानणाऱ्या आपल्या गवयांना ही निवड सहज पटेल.

१३ जुलै १९८५ रोजी इथिओपियातील दुष्काळग्रस्तांच्या साहाय्यार्थ लंडनच्या वेम्ब्ली मैदानावर संगीतसमारोह झाला. प्रत्येक वृंदास जेमतेम वीस मिनिटे मिळाली होती. तेवढ्या अवधीत फ्रेडीने सुमारे ७२,००० श्रोत्यांचा समुदाय आपल्या इशाऱ्यावर गावयास लावला. त्याने एक स्वर घ्यावा आणि मैदानाने तो परत द्यावा, हा खेळ दूरचित्रवाणीवर कोट्यवधींनी पाहिला. कीर्तनात बुवांनी चरण सोडावा आणि सभामंडपाने तो झेलावा, हे ज्यांनी अनुभवले आहे, त्यांना या जादूचे रहस्य निराळे समजावून सांगावयास नको. पुढल्या वर्षी, ९ ऑगस्ट १९८६ रोजी, इंग्लंडमधील नेबवर्थ येथे तो ‘क्वीन’सह अखेरचा गायिला.

१९८७ च्या वसंतात त्याला एड्सची बाधा झाल्याचे निदान झाले. हा रोग वैद्यकाच्या दृष्टीस प्रथम पडला तो १९८१ साली, अमेरिकेत. त्याचा विषाणू १९८३ मध्ये सापडला. शरीराचे रक्षण करणाऱ्या विशिष्ट श्वेतपेशींवर हा विषाणू घाला घालतो. संरक्षण ढासळले, की एरवी किरकोळ ठरावे असे जंतूही प्राणघातक होतात. रोगी बहुधा क्षय, फुप्फुसदाह अशा एखाद्या दुसऱ्याच व्याधीने दगावतो. १९८७ साली झिडोव्हुडिन हे पहिले औषध उपलब्ध झाले. पण एकट्या औषधास विषाणू लौकरच दाद देईनासा होई. निरनिराळी औषधे एकत्र देऊन रोग काबूत ठेवण्याची पद्धती १९९६ च्या सुमारास रूढ झाली. ही पद्धती निघण्याच्या पाच वर्षे आधीच फ्रेडीने जगाचा निरोप घेतला होता.

हे निदान त्याने अगदी निकटच्या मंडळींखेरीज कोणास सांगितले नाही. त्या काळी हा रोग म्हणजे समलिंगी पुरुषांना मिळालेली शिक्षा होय, असे उघडपणे बोलले जाई. फ्रेडीचा जीवनसाथी जिम हटन हा पुरुष होता, आणि लंडनची खपाऊ वृत्तपत्रे त्याच्या दारावर पहारा ठेवून होती. दिवसेंदिवस कृश होत जाणाऱ्या त्याच्या चेहऱ्याची छायाचित्रे छापली जात आणि तो मात्र आपण बरे आहोत एवढेच सांगत राही. या एकाकी झुंजीत त्याने आश्रय घेतला तो कामाचा. १९८८ साली स्पॅनिश संगीतिकेतील थोर गायिका मोन्सेरात काबाये हिच्यासह ‘बार्सिलोना’ हा गीतसंग्रह त्याने सिद्ध केला. फेब्रुवारी १९९० मध्ये तो एका पारितोषिक-समारंभाच्या मंचावर अखेरचा दिसला. त्याच वर्षी ‘द शो मस्ट गो ऑन’ या गीताचे ध्वनिमुद्रण व्हावयाचे होते. ते मुख्यत्वे ब्रायन मे याने रचलेले. त्यातील उंच स्वर या अशक्त माणसास झेपतील की नाही, याची मे यास धास्ती वाटली. फ्रेडीने मद्याचा एक घोट घेतला आणि ते गीत समर्थपणे गाऊन टाकले, असे मे यानेच पुढे सांगितले आहे.

१९११ साली पोटची मुलगी गेली त्याच दिवशी ‘मानापमान’च्या पहिल्या प्रयोगास उभे राहिलेल्या बालगंधर्वांची कथा महाराष्ट्रास ठाऊक आहे. रंगदेवतेची ही कठोर सेवा एका देशापुरती मर्यादित नाही. मात्र एक भेद येथे लक्षात घ्यावयास हवा. बालगंधर्वांचे दुःख प्रेक्षकांना कळले तेव्हा ते त्यांच्यासह हळहळले. फ्रेडीला आपले दुःख सांगण्याचीच चोरी होती.

मे १९९१ मध्ये स्वित्झर्लंडमधील माँत्रो येथे त्याने अखेरचे ध्वनिमुद्रण केले. गीत पुरे होण्याआधीच तो थकला. शेवटचे कडवे पुढे मे याने गाऊन जोडले. त्यानंतर तो लंडनमधील आपल्या घरी अंथरुणास खिळला. दृष्टी मंदावली आणि वेदनाशामके वगळता अन्य औषधे त्याने थांबविली. २३ नोव्हेंबर १९९१ रोजी आपल्या रोगाविषयीचे निवेदन त्याने प्रसिद्धीस दिले आणि दुसऱ्या दिवशी सायंकाळी फुप्फुसदाहाने त्याचे प्राणोत्क्रमण झाले. वय अवघे ४५. त्याचे अंत्यविधी जरथुष्ट्री मंत्रांच्या घोषात झाले. नाव बदलले, देश बदलले, तरी वडिलांचा धर्म अखेरच्या क्षणी त्याच्यापाशी उभा होता.

त्याने आपला रोग आधी जाहीर केला असता, तर इतर रुग्णांना धीर आला असता, असा आक्षेप पुष्कळांनी घेतला. त्यात तथ्य नाही असे नाही. परंतु ज्या समाजाने रोग्यास अपराधी ठरविले, त्यानेच त्याच्याकडे धैर्याची मागणी करावी, हा न्याय विचित्रच म्हणावा लागेल. त्याच्या मृत्यूने मात्र मौन फुटले. २० एप्रिल १९९२ रोजी त्याच वेम्ब्ली मैदानावर त्याच्या स्मरणार्थ भव्य जलसा झाला. त्याच्या सोबत्यांनी स्थापन केलेला मर्क्युरी फिनिक्स न्यास एड्सच्या निवारणासाठी देशोदेशींच्या संस्थांना धन पुरवीत आला आहे. १९९६ मध्ये माँत्रोच्या सरोवरतीरी त्याचा पुतळा उभा राहिला. २०१८ साली निघालेल्या चरित्रपटात त्याची भूमिका करणाऱ्या रामी मालेक यास ऑस्कर पारितोषिक लाभले, आणि ज्यांचा जन्मही त्याच्या हयातीत झाला नव्हता, त्यांच्याही ओठी त्याची गाणी गेली.

आपल्या देशापुरते पाहावयाचे, तर भारतात हा रोग १९८६ मध्ये मद्रास येथे डॉ. सुनीती सॉलोमन, माहेरच्या गायतोंडे, यांनी प्रथम उघडकीस आणला. १ एप्रिल २००४ पासून सरकारी रुग्णालयांतून त्यावरील औषधे विनामूल्य मिळू लागली. २०१७ साली रुग्णांशी भेदभाव करण्यास मनाई करणारा कायदा झाला आणि २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रौढांच्या समलिंगी संबंधांवरील शिक्षेचा डाग पुसला. खुद्द पाचगणीत डॉ. रुस्तमजी बिलिमोरिया या पारशी वैद्याने क्षयरोग्यांसाठी स्थापिलेले बेल-एअर हे आरोग्यधाम पुढे एड्सच्या रुग्णांची शुश्रूषा करू लागले. ज्या डोंगरावर फरूख बलसाराची बोटे प्रथम पियानोवर रुळली, त्याच डोंगरावर त्याच्या व्याधीने ग्रासलेल्यांना आसरा मिळाला. यामागे कोणाची योजना नव्हती. तरीही इतिहासाने जुळविलेला हा मेळ मनाला चटका लावतो.

फ्रेडी मर्क्युरी हा भारतीय कलावंत होता, असा दावा करण्याचे कारण नाही. भारताविषयी तो क्वचितच बोलला आणि त्याचे संगीत इंग्लंडच्या मातीत रुजले. पाचगणीने त्याला पियानो दिला, पहिला रंगमंच दिला आणि ‘फ्रेडी’ हे नाव दिले. यापुढचे त्याचे त्याने मिळविले. मात्र त्याचे गाणे ऐकताना एवढे ध्यानात ठेवावे, की कोट्यवधींना गावयास लावणाऱ्या या माणसाला आपले दुखणे मात्र मृत्यूच्या आदल्या दिवसापर्यंत मोकळेपणाने सांगता आले नाही. आज आपल्या गावात, आपल्या शेजारी तसे दुखणे घेऊन कोणी जगत असेल, तर त्याला ते सांगावयास भय वाटू नये, एवढे करणे कोणाही श्रोत्याच्या हाती आहे.