जमिनीला पाय न लावता

बोलणी सुरू झाली की लढाई थांबते, असं आपल्याला वाटतं. कोरियात तसं झालं नाही. १० जुलै १९५१ ला बोलणी सुरू, सह्या २७ जुलै १९५३ ला. टेबलावर झेंडा कुणाचा उंच, खुर्ची कुणाची ठेंगणी, यावर साहेब लोक रुसत होते आणि डोंगरावर पोरं मरत होती. सगळं अडलं कैद्यांवर. ज्याला घरी जायचंच नाही त्याला परत धाडायचं का?

तोडगा निघाला. असे साडेबावीस हजार कैदी भारताच्या फौजेने सांभाळायचे. प्रमुख मेजर जनरल थोरात, आपल्या कोल्हापूरकडचे. पण दक्षिण कोरियाचे अध्यक्ष सिंगमन री अडून बसले : भारतीयांचा पाय आमच्या भूमीला लागता कामा नये! मग इंचॉन बंदरातून पाच हजारांवर माणसं अमेरिकन हेलिकॉप्टरांनी उचलून थेट निर्लष्करी पट्ट्यात नेऊन ठेवली. पाय लागला की भूमी बाटते, हे शास्त्र आपल्याला कुणी नव्याने शिकवायला नको. तिथं मात्र ते अख्ख्या फौजेला लागू झालं, उच्चवर्णीय अफसरांसकट.

पट्ट्यात तंबू, तंबूला दोन दारं. एकातून मायदेश, दुसऱ्यातून नकार. पाच तटस्थ देशांचे प्रतिनिधी बसलेत, मायदेशाचा अधिकारी समजूत घालतोय, कैदी किंचाळतोय. आत छावणीत कैद्यांचेच म्होरके दम भरत होते. तिथं मर्जी कुणाची म्हणायची? मुदत नव्वद दिवस. उशिराचा दोष कुणाचा यावर दोन्हीकडून नुसते खलिते. मुदत सरली तेव्हा बहुतेकांची पाळीच आली नव्हती.

काही थोड्यांना दोन्ही दारं नको होती. त्यातले ८८ जण १९५४ साली आपल्या शिपायांबरोबर जहाजाने मद्रासला उतरले.