अष्टमीहून रायगड : एका राज्याभिषेकाची वाट

स्मरणिका समितीच्या मंडळींनी "काका, तुम्ही इतिहासावर काहीतरी द्या" असं सांगितलं, तेव्हा मी आधी नाहीच म्हटलं. मी काही इतिहासाचा प्राध्यापक नाही. धाटावच्या एमआयडीसीत आयुष्य गेलं, वाचनाचा नाद तेवढा जडला. पण विषय घरातच सापडला. आमचा नातू चौथीत आहे. चौथीला शिवछत्रपतींचा इतिहास असतो हे आपल्या सगळ्यांना ठाऊक आहेच. गेल्या सुट्टीत त्याला घेऊन रायगडावर गेलो होतो. हिरकणीवाडीतून रोपवेने वर गेलो, आता गुडघे पूर्वीसारखे राहिले नाहीत. राजसदरेवर मेघडंबरीसमोर उभे असताना त्याने विचारलं, "आजोबा, महाराज तर आधीपासूनच राजे होते ना? मग राज्याभिषेक कशाला केला?"

मी काहीतरी उत्तर दिलं, पण ते त्याला पटलं नाही आणि मलाही पटलं नाही. घरी आल्यावर पुस्तकं काढून बसलो. हा लेख म्हणजे त्याला उशिरा दिलेलं उत्तर समजा.

राज्याभिषेक या विषयाशी माझी पहिली ओळख झाली ती रायगडामुळे नव्हे, रशियामुळे, हे सांगायला जरा संकोच वाटतो. तरुणपणी रशियन पुस्तकं मराठीत फार स्वस्त मिळायची, छपाई सुंदर, पुठ्ठा मजबूत. त्या नादात तिकडच्या झारांचा इतिहासही वाचला. एकोणिसाव्या शतकात तिथे पाच बादशहांचे राज्याभिषेक झाले. राजधानी सेंट पीटर्सबर्गला, पण अभिषेक मात्र जुन्या रिवाजाप्रमाणे मॉस्कोच्या क्रेमलिनमधल्या चर्चमध्ये. तिथली एक गोष्ट माझ्या लक्षात राहिली. झार मुकुट स्वतःच्या हाताने स्वतःच्या डोक्यावर ठेवत असे. आपल्यावर देवाशिवाय कोणी नाही, असा त्याचा अर्थ.

आणि त्या मुकुटांमागे काय काय होतं! पहिला अलेक्झांडर १८०१ साली गादीवर आला तो बापाचा खून झाल्यावर. पहिल्या निकोलसने १८२६ मध्ये मुकुट घातला, त्याच्या चाळीसेक दिवस आधी बंडखोर अधिकाऱ्यांपैकी पाच जणांना फाशी दिलं होतं. दुसऱ्या अलेक्झांडरचा राज्याभिषेक १८५६ चा. त्याने १८६१ मध्ये भूदासांना मुक्त केलं, हे त्याचं मोठं काम, पण १८८१ मध्ये तो बॉम्बने मारला गेला. त्याच्या मुलाला, तिसऱ्या अलेक्झांडरला, घातपाताच्या धास्तीने राज्याभिषेक दोन वर्षं लांबवावा लागला. तो झाला १८८३ मध्ये. शेवटच्या दुसऱ्या निकोलसकडे मी नंतर येतो.

आता आपल्याकडे येऊ.

अष्टमीच्या बंदरात उतरलेला इंग्रज

शिवराज्याभिषेकाचं डोळ्यांनी पाहिलेलं वर्णन ज्यांनी लिहून ठेवलं, त्यांत एक इंग्रज होता, हेन्री ऑक्झिंडेन. मुंबईच्या इंग्रजांनी त्याला वकील म्हणून पाठवलं होतं. सोबत जॉर्ज रॉबिन्सन आणि थॉमस मिचेल हे दोघे, शिवाय नारायण शेणवी हा दुभाषा. १६७४ चा मे महिना होता. मंडळी मुंबईहून होडीने चौलला आली, तर रात्र झालेली आणि पोर्तुगिजांनी शहराचे दरवाजे लावून घेतलेले. बिचाऱ्यांना रात्र वेशीबाहेर काढावी लागली. चौलहून पुन्हा होडीत बसून खाडीने वर आले आणि उतरले कुठे, तर अष्टमीला!

हो, हीच आपली रोह्याच्या पुलापलीकडची अष्टमी, जिथून आपण बाजार करून सहाआसनी रिक्षाने परत येतो. तिथून जमिनीवरच्या वाटेने ते निजामपूर, गांगवली करत पाचाडला पोचले. आजही अष्टमीहून निजामपूरला जायला निघालो तर कोलाडवरून, आंबेवाडी नाक्यावरूनच जातो. आपल्या गॅलरीतून कुंडलिका दिसते ना, तिच्याच पाण्यावरून हा वकील राज्याभिषेकाला आला. पंचवीस वर्षं इथे राहून मला हे माहीत नव्हतं. तुमच्यातल्याही पुष्कळांना नसेल म्हणून मुद्दाम सांगितलं.

पाचाडला पोचल्यावर कळलं की महाराज गडावर नाहीत, प्रतापगडी भवानीच्या दर्शनाला गेलेत. मग पाहुण्यांचा मुक्काम गडाच्या पायथ्याशी. पुढे गडावर राहायला जागा मिळाली. तिथला एक किस्सा मजेचा आहे. गडावर खाणं खिचडी-भाताचं. इंग्रजांना मांसाशिवाय घास उतरेना. एका खाटकाला सांगून रोज अर्धा बकरा मागवायला लागले. एवढं मांस कोण खातंय ते बघायला तो म्हातारा खाटीक एवढा गड चढून वर आला म्हणतात!

कारभाऱ्याचं उत्तर

ऑक्झिंडेन काही नुसता सोहळा बघायला आला नव्हता. त्याला तह करायचा होता. वीस कलमांची यादी बरोबर होती. राजापूरच्या लुटलेल्या वखारीची भरपाई, शेकडा अडीच जकातीने व्यापाराची मोकळीक, अशा मागण्या. त्याची पहिली बोलणी निराजीपंतांशी झाली. निराजीपंतांनी त्याला जे सांगितलं त्याचा आशय असा : आजवर महाराज विजापूरकर आणि मोगल यांच्याशी सतत लढण्यात गुंतले होते, राज्याभिषेकानंतर ते राजाप्रमाणे रयतेच्या भल्याकडे आणि व्यापार वाढवण्याकडे लक्ष देतील.

हे वाचलं आणि मी पुस्तक मिटून बसलो. नातवाच्या प्रश्नाचं उत्तर समोर होतं आणि तेही त्या वेळच्या कारभाऱ्याच्या तोंडचं.

महाराज राजे होतेच. गड होते, आरमार होतं, फौज होती. पण कायद्याच्या भाषेत ते कोण? दिल्लीच्या लेखी बंडखोर. विजापूरच्या लेखी एका जहागीरदाराचा मुलगा. आपल्यातलेच कित्येक वतनदार सरदार त्यांना बरोबरीचे समजत. त्यांनी दिलेली सनद उद्या टिकेल का, त्यांनी केलेला तह कोणाशी केला असं धरायचं, हे प्रश्न होते. राज्याभिषेकाने हे सगळं एका दिवसात नियमात बसवलं.

ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी

सोहळ्याचं वर्णन आपण शाळेपासून ऐकलंय, म्हणून थोडक्यात सांगतो. काशीचे गागाभट्ट आले. क्षत्रियत्वाचा वाद निघाला होता, त्यामुळे आधी महाराजांची मुंज झाली, मग वैदिक विधीने पुन्हा लग्न. सुवर्णतुला झाली, इंग्रजांच्या कागदात तिचा आकडा सुमारे १६,००० होन असा येतो. आणि शके १५९६, ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला अभिषेक झाला.

इथे तो झारचा मुकुट आठवतो. आपल्याकडचा शब्दच बघा, राज्य-अभिषेक. मुख्य गोष्ट मुकुट नाही, पाणी आहे. आणि ते पाणी राजाने स्वतः ओतून घ्यायचं नसतं. अष्टप्रधान आठ दिशांना कलश घेऊन उभे राहिले. राजाला राजा करायला दुसऱ्यांचे हात लागले. मला हा फरक फार मोठा वाटतो.

ऑक्झिंडेन सकाळी दरबारात गेला. सिंहासनाच्या उजव्या बाजूला सोन्याची दोन मोठी माशांची डोकी, डावीकडे घोड्यांच्या शेपट्या, आणि एका भाल्याच्या टोकावर समतोल लटकणारा सोन्याचा तराजू त्याने पाहिला. तराजू न्यायाचा, हे परक्या माणसालाही कळलं. त्याने लांबूनच वाकून मुजरा केला, नारायण शेणव्याने हिऱ्याची अंगठी वर धरून दाखवली. महाराजांची नजर गेली आणि त्यांनी त्यांना जवळ बोलावलं. बाहेर पडताना दारात दोन लहान हत्ती आणि दोन सुंदर घोडे दिसले. एवढ्या अवघड वाटेने हे वर आणले कसे, याचं त्याला नवल वाटलं. आजही तिथे गेलं की प्रत्येक जण हेच विचारतो.

आणि तह? बहुतेक कलमं मान्य झाली. पण एक होतं की, इंग्रजांचं जहाज वादळात फुटून किनाऱ्याला लागलं तर माल परत द्यावा. त्याला महाराजांनी नकार दिला. हे कोकणच्या जुन्या रिवाजाविरुद्ध आहे, आणि तुम्हाला दिलं तर फ्रेंच, डच सगळेच मागतील, असं कारण दिलं. बुडत्याचा माल ठेवून घेणं आज आपल्याला रुचणार नाही, मलाही नाही. पण उत्तराची रीत बघा. लहर नाही, खुशामतीने पाघळणं नाही. रिवाज काय, आणि एकाला दिलं तर दुसऱ्याला काय सांगायचं, हा विचार.

पुढे त्याच वर्षी आश्विनात निश्चलपुरी गोसाव्यांनी तांत्रिक पद्धतीने दुसरा अभिषेक केला. राज्याभिषेक शक सुरू झाला. सोन्याचा होन आणि तांब्याची शिवराई आली. कारभारातल्या फारसी शब्दांना संस्कृत शब्द देणारा राजव्यवहारकोश तयार झाला. दुःखाची गोष्ट एवढीच की सोहळ्यानंतर बारा दिवसांच्या आत पाचाडला जिजाऊसाहेब गेल्या. मुलाच्या डोक्यावरचं छत्र पाहिलं आणि डोळे मिटले.

जाता जाता तारखेबद्दल. दरवर्षी ६ जून की तिथी, असा वाद व्हॉट्सअॅपवर होतो. ६ जून ही तारीख त्या वेळच्या इंग्रजांच्या जुन्या, म्हणजे ज्युलियन कॅलेंडरची आहे. आजच्या कॅलेंडरने तो दिवस १६ जून येतो. रशियात हेच जुनं कॅलेंडर १९१८ पर्यंत चालू होतं, म्हणून झारांच्याही दोन-दोन तारखा सापडतात. तेव्हा भांडू नका, दोन्ही दिवशी गडावर जा!

१८९६ सालच्या दोन गोष्टी

पुढचा इतिहास कडू आहे. १६८९ मध्ये रायगड मोगलांकडे गेला, सिंहासन राहिलं नाही. मे १८१८ मध्ये इंग्रजांनी तोफा डागून गड घेतला. ज्यांचा वकील वाकून मुजरा करून गेला होता, तेच हे. त्याच्या आधीच्याच महिन्यात त्यांनी साताऱ्यात छत्रपती प्रतापसिंहांना गादीवर बसवलं. ज्यांनी बसवलं त्यांनीच १८३९ मध्ये उतरवलं आणि काशीला धाडलं. १८४० मध्ये आपल्या शेजारचं कुलाब्याच्या आंग्र्यांचं संस्थान खालसा झालं, काही वर्षांत सातारचंही. पाणी ओतणारे हात परके असले की काय होतं, ते दिसलं.

पण १८९६ हे साल बघा. एप्रिलमध्ये टिळकांच्या पुढाकाराने रायगडावर शिवाजी उत्सव झाला. गड ओसाड, समाधी पडकी, सिंहासनाचा पत्ता नाही. तरी लोक चढून आले. त्याच वर्षी मे महिन्यात मॉस्कोत दुसऱ्या निकोलसचा राज्याभिषेक झाला, डोळे दिपवणारा. त्यानंतर खोदिंका मैदानावर लोकांना झारतर्फे भेटी वाटायच्या होत्या, एक पेला, थोडं खाणं. पाच लाखांच्या आसपास लोक जमले, बंदोबस्त अपुरा, जमीन खड्ड्यांची. चेंगराचेंगरीत १,३०० हून जास्त माणसं मेली. आणि त्याच रात्री झार फ्रेंच वकिलाकडच्या नाचाला गेला. लोक ते विसरले नाहीत. १९१७ मध्ये त्याची गादी गेली.

एकीकडे रिकाम्या जागेपाशी लोक आपणहून आले. दुसरीकडे भरल्या सिंहासनापाशी आलेल्या लोकांची कोणी पर्वा केली नाही. रयतेच्या भल्याकडे लक्ष देतील, असं निराजीपंतांनी सांगितलं होतं. राज्याभिषेकाचं सार मला त्या वाक्यात दिसतं.

थोडं आपल्याबद्दल

महाराज कुठे आणि आपण कुठे, तुलना करायचीच नाही. पण पंचवीस वर्षांच्या निमित्ताने एक मनातलं बोलतो. सोसायटी रजिस्टर व्हायच्या आधीही आपण इथे राहत होतोच. पाणी नव्हतं, जिन्यात दिवा नव्हता, सगळे आपापल्यापुरते. रजिस्ट्रेशनचा कागद आला त्या दिवशी गच्चीवर पेढे वाटले. "कागदाने काय होतंय," असं मीच म्हणालो होतो. मग मीटिंगा सुरू झाल्या, हिशेब फळ्यावर लागले, टाकी झाली. कागदाने काय होतं ते दिसलं.

आता एक कागद राहिलाय. आपल्या इमारतीखालची जमीन अजून बिल्डरच्याच नावावर आहे. आपण मालक, पण सातबाऱ्यावर आपलं नाव नाही. डीम्ड कन्व्हेयन्ससाठी कमिटी गेली दोन वर्षं प्रत्येकाकडे करारनामा आणि इंडेक्स टू मागते आहे. अजूनही अकरा घरांचे कागद यायचे आहेत. त्यातले काही जण म्हणतात, "राहतोय ना आपण, मग कशाला?"

हा प्रश्न माझ्या नातवाचाच आहे. तो चौथीत आहे, त्याला विचारायची मुभा आहे. आपण मोठी माणसं आहोत. कलश एकट्याने धरायचा नसतो, आठ दिशांना आठ जण लागतात. रौप्यमहोत्सवाचे पेढे खाऊन झाले की कपाट उघडा आणि ते कागद शोधा, एवढीच विनंती.

सर्व सभासदांना आणि लेकराबाळांना रौप्यमहोत्सवाच्या मनापासून शुभेच्छा!