माजघरातला उजेड

आई गेली तेव्हा मी पाच वर्षांचा होतो. तिची म्हणून माझ्याजवळ एकच आठवण आहे. सदाशिव पेठेतल्या आमच्या वाड्याचे माजघर, तिथे सूप घेऊन तांदूळ निवडत बसलेली आई, आणि तिच्या चेहऱ्यावर सायीसारखा पसरलेला उजेड. कडा कुठेच नाहीत, सावली नाही, सारे दुधात भिजल्यासारखे. ही आठवण मी साठ वर्षे जपली. गेल्या वर्षी माझी मोतीबिंदूची शस्त्रक्रिया झाली. ताई भेटायला आली होती, तेव्हा बोलता बोलता तिला हे सांगितले. ताई माझ्याहून नऊ वर्षांनी मोठी. ती म्हणाली, "अरे, आपल्या माजघराला खिडकी कुठे होती? भर दुपारी दिवा लावावा लागायचा."

मग हा उजेड आला कुठून? माझा पहिला संशय सिनेमावर गेला. शाळेच्या पटांगणात 'श्यामची आई' दाखवला तेव्हा मी आठ-नऊ वर्षांचा असेन. आचार्य अत्रे यांचा हा चित्रपट १९५३ सालचा. राष्ट्रीय पुरस्कारांच्या पहिल्याच वर्षी, १९५४ साली, त्याला राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळाले. वनमालाबाई आई झाल्या होत्या, माधव वझे श्याम. पडदा वाऱ्याने हलत होता, प्रत घासलेली होती, आणि आई नसलेला एक मुलगा पुढच्या रांगेत बसून दुसऱ्याची आई पाहत होता. तिथून मी काही उचलले नसेल, असे छातीठोकपणे सांगवत नाही.

तरीही उत्तर इतके सरळ नाही. सिनेमात बालपण आले की उजेड मऊ होतो, हे आपण सगळेच पाहतो. पण या मऊपणाचे दोन प्रकार आहेत आणि आपण त्यांची गल्लत करतो. एक मऊपणा उजेडाचा, दुसरा भिंगाचा. सावलीची कड टोकदार पडते की विरघळते, हे उजेडाच्या उगमाचा आकार केवढा दिसतो यावर ठरते. सूर्य प्रचंड असला तरी दूर असल्यामुळे आकाशात रुपयाएवढा दिसतो, म्हणून उन्हातली सावली कातरून काढल्यासारखी पडते. आभाळ भरून आले की सारे आकाशच दिवा होते आणि सावल्या नाहीशा होतात. अशा उजेडात वस्तू अस्पष्ट होत नाहीत. उलट, कोपऱ्यातलेही दिसते. भिंगापुढे जाळीचे कापड किंवा धूसर काच धरली की मात्र कडा फुटतात, तेजाभोवती वलय येते आणि बारकावे बुजतात.

आपल्याकडचा सिनेमा जन्मला तो आकाशाच्या उजेडात. मूकपटाच्या काळात चित्रीकरण उघड्यावर होई आणि ऊन मोडायला वर पांढरे कापड ताणण्याची रीत होती. दादासाहेब फाळके यांनी १९१९ साली 'कालिया मर्दन' केला, त्यात त्यांची लहानगी मुलगी मंदाकिनी कृष्ण झाली होती. सुरुवातीला ती नुसती समोर येऊन चेहऱ्यावरचे भाव दाखवते आणि मग तिचा कृष्ण होतो. मूल इथे पाहण्याची गोष्ट आहे. मुलाला काय दिसते, हा प्रश्न अजून पुढे होता.

१९२९ साली कोल्हापुरात स्थापन झालेली प्रभात कंपनी १९३३ साली पुण्यात आली, तोवर बोलपट सुरू झाले होते. बाहेरचा आवाज नको म्हणून सिनेमा बंद स्टुडिओत गेला आणि आकाशाला मुकला. आता दिव्यांचे झोत थेट नटावर पडू लागले. मऊपणा हवा असेल तेव्हा जगभरचे स्टुडिओ जाळीचा आधार घेत, विशेषतः नायिकेच्या चेहऱ्यासाठी.

स्टुडिओत आकाश परत आणण्याचे गाजलेले उदाहरण कलकत्त्याचे आहे. सत्यजित राय यांच्या 'अपराजितो'साठी (१९५६) काशीतले घर उघड्यावर उभारायचे होते, पण पावसाच्या भीतीने ते स्टुडिओत बांधावे लागले. चौकाचे घर, आणि चौकावर आकाश नाही! छायालेखक सुब्रत मित्र यांनी चौकावर पांढरे कापड ताणले, दिवे खालून त्यावर सोडले आणि परतून येणाऱ्या उजेडात लहान अपूचे घर दाखवले. ज्या उजेडाला आपण बालपणाचा उजेड म्हणतो, त्याचे हे गाजलेले रूप चौकाच्या घरासाठी घडले, हे मला महत्त्वाचे वाटते. पुण्यातल्या वाड्याची रचनाही तीच. ऊन चौकात उतरते ते मध्यान्हीला, थोडा वेळ. एरवी सोप्यावर पोचतो तो आकाशाचा आणि भिंतींवरून परतलेला उजेड. म्हणजे तो उजेड स्वप्नातला नव्हता, वास्तूतला होता.

धूसरपणाचे काय? तान्ह्या बाळाला वीतभर अंतरापलीकडचे अंधुक दिसते, हे खरे. पण ते दिवस कोणाच्याच आठवणीत राहत नाहीत. पहिल्या आठवणी साधारण तिसऱ्या-चौथ्या वर्षापासूनच्या असतात आणि तोवर मुलाची नजर चांगली स्वच्छ झालेली असते. मुंगीच्या तोंडातला साखरेचा कण मुलांना आपल्याआधी दिसतो. शिवाय मुलाच्या डोळ्यातले भिंग नितळ असते. ते पिवळे पडते आणि गढुळते ते म्हातारपणी. शस्त्रक्रियेनंतर पट्टी निघाली तेव्हा समोरची भिंत मला निळसर पांढरी दिसली. इतकी वर्षे मी तिला पिवळसर समजत होतो. सिनेमातले ते सोनेरी, वलयांकित बालपण मुलाच्या डोळ्यातले नव्हे, मोतीबिंदू झालेल्या डोळ्यातले आहे.

मराठी सिनेमाने हा फरक ओळखला आहे. १९५३ साली प्रभात बंद पडली, १९६० साली तिच्या जागेवर फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली. तिथे छायालेखन शिकलेल्या अविनाश अरुण यांनी 'किल्ला' (२०१४) दिग्दर्शित केला आणि कॅमेराही स्वतःच हाताळला. वडील गेलेला चिन्मय आईच्या बदलीमुळे पुण्याहून कोकणात येतो. पावसाळी आभाळाखालचा तो उजेड मऊ आहे, पण धूसर नाही. किल्ल्यात पावसात एकटा मागे राहिलेला मुलगा आपल्याला स्वच्छ दिसतो, आणि म्हणूनच त्याची भीती आपल्याला लागते. 'श्यामची आई'नंतर पन्नास वर्षांनी सुवर्णकमळ मराठीकडे आणणारा 'श्वास' (२००४) पुण्यात घडलेल्या खऱ्या घटनेवर आधारलेला. शस्त्रक्रियेने दृष्टी जाणार असलेल्या नातवाला आजोबा आदल्या दिवशी हॉस्पिटलमधून बाहेर नेतात, जग दाखवायला. त्या मुलाला जग जसे आहे तसेच पाहायचे असते.

हे सारे ताईला सांगितल्यावर तिने कॅलेंडरच्या पानामागे वाड्याचा नकाशा काढला. चौक, सोपा, माजघर, मधले दार. मी विचारले, आई तांदूळ कुठे बसून निवडायची? तिने दारापाशी बोट ठेवले. "उंबऱ्याच्या आत. उजेड यायचा तो काय तेवढाच."

नकाशा पाहताना माझ्या लक्षात आले. तांदूळ निवडणारे माणूस उजेडाकडे तोंड करून बसते. मी आत, अंधारात, तिच्या मागे खेळत असणार. म्हणजे मला तिचा चेहरा दिसणे शक्यच नव्हते. मला दिसत होती ती पाठ, अंबाडा आणि चौकातल्या उजेडाने उजळलेली खांद्याची कड. चेहरा मी नंतर कुठून तरी आणून लावला, फोटोतून म्हणा, पटांगणातल्या पडद्यावरून म्हणा.

तो चेहरा सोडून द्यायला मला बरेच दिवस लागले. वाडा पाडून तिथे इमारत उभी राहिली त्याला आता तीस वर्षे होत आली, तेव्हा पडताळा पाहायला जागाही उरलेली नाही. पण पाठमोरी आई डोळ्यांसमोर आणली की एक गोष्ट आपोआप येते. सूप हलते, खांदा हलतो, आणि मध्येच ती एक खडा वेचून चौकात टाकते. तो फरशीवर वाजतो. ताईला विचारले. ती म्हणाली, "हो, टाकायची. पण हे मी तुला कधी सांगितलं नव्हतं."