पंधरा रुपयांची तारामती

विश्रामबागेत राहणाऱ्या माणसाला रंगभूमीचा अभिमान बाळगण्यासाठी दूर जावे लागत नाही. १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ उभे केले ते आमच्या सांगलीत, आणि बालगंधर्वांचे नागठाणेही याच जिल्ह्यातले. भाव्यांची सीता पुरुषच होता, आणि बालगंधर्वांची भामिनीही. त्याचे आम्हांला कधी हसू आले नाही.

म्हणूनच गेल्या वर्षीची एक गोष्ट मनाला लागून राहिली. सातवीच्या मुलांना मी दादासाहेब फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’चा उरलेला भाग दाखविला. स्नानाच्या प्रसंगात ओल्या लुगड्यातली तारामती आणि तिच्या सख्या दिसल्या. साऱ्याच पुरुष! वर्ग खदखदून हसला. खोटे कशाला बोलू, मीही हसलो. घरी आल्यावर मात्र ते हसू बोचू लागले.

१९१२ साली तारामतीसाठी फाळक्यांनी काय थोडी वणवण केली? जाहिराती दिल्या, कलावंतिणींच्या दारी गेले. पण कॅमेऱ्यापुढे उभे राहणे त्यांनाही कमीपणाचे वाटले. अखेर ग्रँट रोडवरच्या एका हॉटेलात त्यांना अण्णा साळुंके भेटले. नाजूक बांध्याचा, निमुळत्या बोटांचा आचारी. पगार दहा रुपये. फाळक्यांनी पंधरा देऊ केले, आणि ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात भारतीय चित्रपटसृष्टीची पहिली नायिका लोकांपुढे आली.

त्याच वर्षी गंधर्व नाटक मंडळी स्थापन झाली. बालगंधर्वांजवळ गळा होता, भरजरी शालू होते, ‘वन्समोअर’ची बरसात होती. अण्णांजवळ यांतले काय होते? मूकपटात गळ्याचा उपयोग नाही. टाळ्या पडत त्या पडद्याला. हात, डोळे आणि मान एवढ्यावर राणीचे दुःख उभे करायचे, तेही काल-परवापर्यंत चुलीपुढे बसलेल्या माणसाने!

फाळक्यांच्या दुसऱ्याच ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई पडद्यावर आल्या. तरी अण्णांची गरज संपली नाही. १९१७ च्या ‘लंकादहना’त राम तेच आणि सीताही तेच. रंगमंचावर हे जमणे कठीण. कॅमेरा मात्र थांबविता येतो, वेष बदलता येतो. वनवासी पती आणि अशोकवनातली विरहिणी, दोघांनाही लोकांनी भक्तिभावाने पाहिले. पुढे अण्णा कॅमेऱ्याच्या पाठीमागे गेले आणि मूकपटांच्या अखेरच्या काळापर्यंत छायाचित्रण करीत राहिले. आचारी, राणी, देव आणि तंत्रज्ञ, एवढे सारे एका आयुष्यात!

बालगंधर्वांच्या नावाने नाट्यगृहे उभी राहिली, आणि ते योग्यच झाले. पण ज्या कामाला बाईने हात लावणे बदनामीचे मानले गेले, ते काम एका गरीब माणसाने दरमहा पाच रुपये जास्त मिळतात म्हणून पत्करले आणि प्रामाणिकपणे केले. त्याचे नाव मुलांच्या कानांवर कोणी घालायचे?

यंदाही मी तोच भाग दाखविणार आहे. मुले हसतील, हसू देत. पण यंदा पडदा लावण्यापूर्वी फळ्यावर एक नाव लिहीन: अण्णा साळुंके.