खोक्यातली चिठ्ठी

सुरुवातीला पुरावा म्हणून फोटो चालायचा. १९८० च्या दशकाच्या आरंभी अमेरिकेत अटारीच्या यंत्रावर ॲक्टिव्हिजन कंपनीचे गेम खेळणारी मुलं ठरावीक गुण झाले की घरातला कॅमेरा काढायची, टीव्हीच्या पडद्याचा फोटो घ्यायची आणि तो पोस्टाने कंपनीला पाठवायची. १९८२ सालच्या ‘पिटफॉल’मध्ये वीस हजारांचा टप्पा गाठला, की कंपनीकडून भरतकाम केलेला कापडी बिल्ला यायचा, जाकिटावर शिवायला. कार्ट्रिज विकत घेतलेलं आहे, शेजाऱ्याकडून आणलेलं आहे की मोठ्या भावाचं आहे, हे कोणी विचारत नसे. खेळलास ना? मग बिल्ला तुझा.

कन्सोल गेमच्या खोक्यातून निघणाऱ्या बोनस कोडची कुळकथा इथून सुरू होते. कागदाचा तो कपटा दिसायला क्षुल्लक, पण त्याच्यावरून चाळीस वर्षं एक मोठं भांडण चाललं. गेम नक्की कोणाचा? बनवणाऱ्याचा, पहिल्या गिऱ्हाइकाचा, की आज ज्याच्या हातात आहे त्याचा?

बक्षिसाला खोक्यातल्या कागदाशी घट्ट बांधलं ते अटारीने. १९८२ मध्ये त्यांनी ‘स्वोर्डक्वेस्ट’ ही मालिका काढली. पहिल्या ‘अर्थवर्ल्ड’ गेमच्या खोक्यात डीसी कॉमिक्सच्या मंडळींनी तयार केलेलं एक कॉमिक असायचं. गेममध्ये योग्य खोलीत योग्य वस्तू ठेवल्या, की पडद्यावर दोन आकडे उमटायचे. एक पानाचा, दुसरा चित्राच्या चौकटीचा. कॉमिकमध्ये ते पान उघडून ती चौकट बारकाईने पाहिली, की चित्राच्या रेघांत लपलेला एक शब्द सापडायचा. सापडणारे सगळेच शब्द खरे नव्हते. फक्त मूळ संख्यांच्या पानांवरचे शब्द धरायचे, अशी सूचना कॉमिकमध्येच दडवलेली होती. ज्यांनी पूर्ण वाक्य जुळवून पाठवलं त्यांच्यात १९८३ मध्ये अंतिम सामना झाला आणि विजेत्याला २५,००० डॉलर किमतीचं रत्नजडित सोन्याचं पदक मिळालं. पुढे आणखी बक्षिसं होती, शेवटची तलवार तर ५०,००० डॉलरची. पण व्हिडिओ गेमचा धंदा कोसळला, १९८४ मध्ये अटारीची विक्री झाली आणि स्पर्धा अर्ध्यावर मोडली. तरी रचना पाहा. पडद्यावरचे आकडे कॉमिकशिवाय निरर्थक, आणि कॉमिक आकड्यांशिवाय मुकं. नुसतं कार्ट्रिज उसनं आणणाऱ्याला इथे दार बंद झालं.

दशक संपता संपता अमेरिकेत गेम भाड्याने देणारी दुकानं गल्लोगल्ली झाली. निन्टेन्डो या जपानी गेम कंपनीला ते मुळीच रुचत नव्हतं. पण विकलेल्या वस्तूवर विकणाऱ्याचा हक्क संपतो, हे तत्त्व अमेरिकी न्यायालयाने १९०८ मध्येच मान्य केलेलं होतं. १९९० मध्ये संगणकाची सॉफ्टवेअरं भाड्याने द्यायला बंदी आणणारा कायदा झाला, त्यातूनही कन्सोलचे गेम वगळले गेले. मग कंपनीच्या हाती उरलं काय? कागद. त्या कायद्याच्या आधीच, १९८९ मध्ये, निन्टेन्डोने ब्लॉकबस्टर या भाड्याच्या दुकानांच्या साखळीवर खटला भरला. भाड्याने गेम देण्याला कायद्याने हात लावता येत नव्हता, तेव्हा दावा गुदरला तो माहितीपुस्तिकांच्या झेरॉक्स प्रतींवर.

या पार्श्वभूमीवर १९९० च्या डिसेंबरातला निन्टेन्डोचा ‘स्टारट्रॉपिक्स’ हा गेम बघायला हवा. माईक नावाचा मुलगा आपल्या हरवलेल्या पुरातत्त्वज्ञ काकांना शोधायला निघतो. खोक्यात त्या काकांचं खरंखुरं, कागदावरचं पत्र. गेमच्या मध्यावर निरोप येतो की माझं पत्र पाण्यात बुडव. पत्र भिजवलं, की कोऱ्या जागेवर अक्षरं उमटत आणि त्यांत ७४७ हा आकडा असे. तो पाणबुडीच्या यंत्रात टाकल्याशिवाय गोष्ट पुढे सरकत नसे. कल्पना विलक्षण सुंदर आहे. मूल उठून मोरीत जातं, बादलीत कागद बुडवतं, आणि गेम पडद्याबाहेर घरात येतो. पण भाड्याच्या गेमसोबत ते पत्र क्वचितच असायचं. सेकंड हँड गेमसोबत आलं, तर कुणीतरी आधीच भिजवून वाळवलेलं. हेतू काही का असेना, पत्र ज्याच्याकडे नाही तो मध्येच अडकून पडायचा. पुढे १९९८ मध्ये ‘मेटल गिअर सॉलिड’ने १४०.१५ ही वायरलेसची फ्रिक्वेन्सी सीडीच्या खोक्याच्या पाठीवर छापून हाच खेळ केला.

हे आकडे एका अर्थाने निरुपद्रवी होते. प्रत्येक खोक्यात तोच ७४७, तोच १४०.१५. एकाने दुसऱ्याला सांगितला, मासिकात छापून आला, की सगळ्यांचा झाला. कोड एकदाच चालेल आणि एकालाच चालेल, अशी सोय व्हायला इंटरनेट यावं लागलं.

ती सोय आधी आली भेटवस्तूच्या रूपात. निन्टेन्डोने २००२ मध्ये युरोपात, २००३ मध्ये जपानात आणि २००८ मध्ये अमेरिकेत ‘क्लब निन्टेन्डो’ सुरू केला. गेमच्या खोक्यात एक चिठ्ठी, चिठ्ठीवर क्रमांक. संकेतस्थळावर तो टाकायचा, गेमबद्दल चार प्रश्नांची उत्तरं द्यायची, की खात्यात गुण जमा. अमेरिकेत त्यांना नाणी म्हणत आणि वर्षात ६०० नाणी झाली की प्लॅटिनम दर्जा. बदल्यात मिळणाऱ्या वस्तू हौसेने घडवलेल्या असायच्या. हानाफुदा पत्त्यांचा जोड तर कुळाशी नातं सांगणारा, कारण १८८९ मध्ये क्योटोत ही कंपनी निघाली ती हेच पत्ते बनवायला. जपानी सभासदांना २००७ मध्ये ‘टिंगल’ या पात्राचा एक छोटा गेम मिळाला, जो दुकानात कधी विक्रीला आलाच नाही. १९८० सालच्या ‘गेम अँड वॉच’ची नवी प्रतही अशीच गुणांवर मिळाली.

त्या चिठ्ठ्यांबद्दल माझ्या मनात माया आहे. कंपनी तुम्ही काय खेळता याची माहिती घेत होती हे खरं, पण बदल्यात हातात काहीतरी ठेवतही होती. आणि वापरलेला गेम घेणाऱ्याचं नुकसान झालंच तर एवढंच, की क्रमांक आधी कुणीतरी टाकलेला असे. गेम मात्र पुरा मिळे.

मधल्या काळात कन्सोल इंटरनेटला जोडली गेली होती. आता चिठ्ठीवरची अक्षरं थेट कन्सोलमध्ये टाकता येऊ लागली. एक्सबॉक्सचा कोड २५ अक्षरांचा, पाच-पाचाचे पाच गट. प्लेस्टेशनचा १२ अक्षरांचा, चार-चाराचे तीन. कंट्रोलरच्या बटणांनी एकेक अक्षर निवडत ते टाकणं हे चिकाटीचं काम होतं. २०१३ च्या एक्सबॉक्स वनमध्ये तर कन्सोलच्या कॅमेऱ्यासमोर क्यूआर कोड धरला की भागायचं. कोडमध्ये स्वतःचं असं काही नसतं. कंपनीच्या सर्व्हरवर एक यादी असते, कोड तिथे सापडला की माल तुमच्या खात्यावर चढतो आणि कोडपुढे ‘वापरला’ अशी खूण पडते. ही एकेरी खूण डिस्कवर का नाही केली? कारण डिस्क साच्यातून छापली जाते. लाखो प्रती अगदी एकसारख्या निघतात, पहिली डिस्क कोणती आणि दहा हजारावी कोणती हे कन्सोलला कळत नाही. प्रत्येक खोक्याला वेगळी ओळख द्यायची, तर ती कागदावरच छापावी लागे. म्हणून ब्लू-रेच्या जमान्यातही ती चिठ्ठी टिकली.

२००८ मध्ये ‘रॉक बँड २’च्या नव्या प्रतीत वीस गाण्यांचा कोड होता, ‘गिअर्स ऑफ वॉर २’मध्ये पाच जुन्या नकाशांचा. तोवर वरकड मिळत होतं. पण दुसरीकडे वापरलेल्या गेमचा बाजार फुगत चालला होता. गेमस्टॉप या अमेरिकी साखळीने २००९ या एका वर्षात दोन अब्ज डॉलरहून जास्त किमतीचा वापरलेला माल विकला, त्यावरचा नफा विक्रीच्या निम्म्याच्या आसपास, आणि त्यातला एक सेंटही गेम बनवणाऱ्यांना जात नव्हता. जपानात तर कंपन्या हा वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत घेऊन गेल्या आणि २५ एप्रिल २००२ ला हरल्या. वापरलेले गेम विकायला मूळ कंपनीची परवानगी लागत नाही, असा निकाल लागला. कायद्याने जे साधलं नाही ते आता चिठ्ठीकडून करून घ्यायचं ठरलं.

इलेक्ट्रॉनिक आर्ट्स या गेम कंपनीच्या मोहिमेचं नावच होतं ‘प्रोजेक्ट टेन डॉलर’. ‘ड्रॅगन एज: ओरिजिन्स’च्या नव्या खोक्यात शेल या दगडी सोबत्याचा कोड, २०१० च्या ‘मास इफेक्ट २’मध्ये सर्बेरस नेटवर्क या जादा भागांच्या सेवेचा. वापरलेली प्रत घेणाऱ्याने हेच हवं तर १५ डॉलर मोजायचे. त्याच वर्षी टायगर वूड्सच्या गोल्फ गेमपासून ‘ऑनलाइन पास’ आला. कोड नसेल तर इतरांशी ऑनलाइन खेळायलाच १० डॉलर. मग टीएचक्यू, सोनी, युबिसॉफ्ट, वॉर्नर सगळेच त्या वाटेने गेले. २०११ च्या ‘बॅटमॅन: आर्कम सिटी’मध्ये कॅटवुमन होऊन खेळायचे सगळे प्रसंग कोडमागे होते. ती गोष्ट एकट्याने खेळायची, सर्व्हरचा खर्च वगैरे सबब तिथे लागू नव्हती. डिस्कच्या जाहिरातीत झळकलेलं पात्र घेऊन दुसऱ्या मालकाला खेळताच यायचं नाही. हा भाग मला अन्यायाचा वाटतो. सेकंड हँड गेम घेणारा सहसा कमी पैशांतला, बऱ्याचदा शाळकरी. लेखकांचं, चित्रकारांचं पोट कापलं जात होतं हे मान्य, पण तो नफा दुकानदाराच्या गल्ल्यात गेला होता, आणि दंड भरत होतं पोर.

आपल्याकडच्या खेळणाऱ्यांना त्यात आणखी एक फास बसायचा. दुबईहून किंवा अमेरिकेहून मामा-काकांनी आणलेली डिस्क प्लेस्टेशन ३ वर बिनतक्रार चालायची, पण तिच्या खोक्यातला कोड त्या देशाच्या खात्यालाच लागे. नवाकोरा कोड, आणि तरी भारतीय खात्यावर बिनकामाचा.

दुकानदारही गप्प बसले नाहीत, काही वेळा भलत्याच थराला गेले. ‘ड्रॅगन एज’च्या वापरलेल्या प्रतीच्या खोक्यावर मोफत भागाची जाहिरात तशीच होती; एका गिऱ्हाइकाचे पाच डॉलर वाचले आणि पुढे पंधरा मागितले गेले. त्यातून कॅलिफोर्नियात गेमस्टॉपवर दावा झाला आणि २०१२ च्या तडजोडीत दुकानांत इशाऱ्याच्या पाट्या लावणं साखळीला भाग पडलं. त्याआधी, ऑगस्ट २०११ मध्ये, ‘ड्यूस एक्स: ह्यूमन रिव्होल्यूशन’च्या पीसी आवृत्तीत ऑनलाइव्ह या स्ट्रीमिंग सेवेचं कुपन होतं. गेमस्टॉप स्वतः तशीच सेवा काढायच्या तयारीत. साखळीने कर्मचाऱ्यांना हुकूम सोडला: नवे खोके उघडा, कुपन काढून घ्या, मग विका. बोभाटा झाला, आणि गिऱ्हाइकांची समजूत ५० डॉलरच्या भेटकार्डांनी काढावी लागली. कपट्याची किंमत धंद्याला किती कळली होती, ते इथे दिसतं.

हे सगळं २०१३ मध्ये कडेलोटाला आलं. मे महिन्यात इलेक्ट्रॉनिक आर्ट्सने ऑनलाइन पास बंद केला. खेळणाऱ्यांना तो आवडला नव्हता. जूनमध्ये मायक्रोसॉफ्टने नव्या एक्सबॉक्स वनसाठी याहून कडक नियम सांगितले: डिस्कचा गेमसुद्धा खात्याला बांधलेला, कन्सोलने दिवसातून एकदा इंटरनेटवर हजेरी लावायची. १० जूनला सोनीने उत्तर म्हणून काही सेकंदांची चित्रफीत काढली. प्लेस्टेशन ४ वर गेम दुसऱ्याला कसा द्यायचा? एक माणूस खोका पुढे करतो, दुसरा घेतो. संपलं. १९ जूनला मायक्रोसॉफ्टने नियम मागे घेतले.

क्लब निन्टेन्डो २०१५ मध्ये मिटला आणि पुढच्या वर्षी आलेल्या ‘माय निन्टेन्डो’त कागद उरला नाही. निन्टेन्डोच्या स्विच या कन्सोलचं कार्ट्रिज म्हणजे चिप असलेलं कार्ड. डिस्कला जे जमलं नाही ते तिला जमतं. प्रत्येक कार्डात त्याचं स्वतःचं वेगळं प्रमाणपत्र साठवलेलं असतं. म्हणून कार्ड खोचायचं, चित्रावर अधिकचं बटण दाबायचं, गुण मागायचे, झालं. ज्याने आधी मागितले त्याचे. पण मोबदला बघा. साठ डॉलरच्या कार्डावर एक टक्का, म्हणजे ६० सेंट; तोच गेम डाउनलोड करून घेतला तर पाच टक्के, ३ डॉलर. हातोहात देणाऱ्या-घेणाऱ्याला चुचकारून डाउनलोडकडे वळवण्याचा तो सरळ सौदा होता. मार्च २०२५ मध्ये हे गुण देणंही थांबलं.

दरम्यान चिठ्ठीने आख्खा खोकाच व्यापला होता. २०१९ मध्ये स्विचसाठी ‘वुल्फेनस्टाईन: यंगब्लड’चा खोका विकत घेतला, तर आत कार्ड नव्हतंच, नुसता कोड. तो टाकला की खोका रद्दी. जून २०२५ मध्ये आलेल्या स्विच २ ने ‘गेम-की कार्ड’ आणलं. त्यात गेम नसतो, गेम उतरवून घ्यायची किल्ली असते. ते मित्राला देता येतं, विकताही येतं. किल्ली ज्याच्या कन्सोलमध्ये, गेम त्याचा. मात्र उतरवून घ्यायला पलीकडे सर्व्हर चालू हवा, आणि निन्टेन्डोनेच ३डीएस आणि वी यू या आपल्या जुन्या कन्सोलांच्या ऑनलाइन दुकानातली विक्री २७ मार्च २०२३ ला बंद केलेली आहे.